आत्याच्या दगडावर काय कोरायचं? (आत्मा, देह आणि आपला मराठी ‘जीव’)

मिशनकंपाउंड | रविवार, रात्री ९:१०

गेल्या महिन्यात माझी आत्या गेली. वय ८१. मिरजेत डॉ. वॉनलेस यांनी १८९४ साली सुरू केलेल्या मिशन हॉस्पिटलात तिने नर्स म्हणून जन्म काढला. लग्न केलं नाही, आमच्याच घरी राहायची. मातीही मिरजेतच झाली.

त्या दिवसापासून फोनवर जे निरोप आले, त्यांतल्या दहांपैकी नऊंत एकच ओळ होती, ‘मृतात्म्यास चिरशांती लाभो’. मी आईला वाचून दाखवत होते. चार-पाच ऐकून आई म्हणाली, "वन्संच्या आत्म्याला कधी अशांती होती गं? गुडघ्यांना होती. गुडघ्यांना शांती लाभो म्हणायला सांग त्यांना."

हसू आलं, पण ते वाक्य डोक्यातून जाईना. कारण आता दगड बसवायचाय. सांगलीत एक कोरणारा आहे, तो अक्षराला पैसे घेतो आणि जोडाक्षर दोन धरतो. माझ्या भावाने मजकूर दिला, ‘तिच्या आत्म्यास प्रभू शांती देवो’. आई हो म्हणेना. "आत्म्यास नको," एवढंच. मग काय, ते तिलाही सांगता येत नाही. म्हणून हा धागा.

मी ज्युनिअर कॉलेजात मराठी शिकवते, धर्मशास्त्र शिकलेली नाही. पण गेले तीन आठवडे वाचतेय आणि मला वाटायला लागलंय की आईचं बरोबर आहे.

उत्पत्तीच्या दुसऱ्या अध्यायात देव मातीचा माणूस करतो आणि त्याच्या नाकपुड्यांत श्वास फुंकतो. पुढे मराठी पवित्र शास्त्रात शब्द आहेत ‘जीवधारी प्राणी झाला’. हिब्रूत तिथे ‘नेफेश’ आहे. देवाने मातीत नेफेश घातला असं ते वाक्य नाही. माती आणि श्वास मिळून माणूस नेफेश झाला. ‘शरीरात आत्मा असतो’ म्हटलं की डब्यात लाडू असावा तसं डोळ्यांसमोर येतं. इथे डबा नाही आणि लाडूही नाही. पीठ-पाणी एक होऊन भाकरी झाली, तसं आहे.

नेफेशचा एक जुना अर्थ गळा. ६९ वं स्तोत्र बुडणाऱ्या माणसाचं आहे. त्याची तक्रार अशी की पाणी नेफेशपर्यंत आलंय. पाणी आत्म्यापर्यंत चढत नाही, गळ्यापर्यंत चढतं. २०१९ च्या ऑगस्टमध्ये आयर्विन पुलाला कृष्णा ५७ फुटांवर गेली होती, तेव्हा सांगलीत हे स्तोत्र कुणाला समजावून सांगावं लागलं नसतं. आणि गणनेच्या ६ व्या अध्यायात तर मेलेल्या माणसालाही नेफेशच म्हटलंय. म्हणजे प्रेतसुद्धा ‘तो’ आहे, त्याने टाकलेलं सालपट नव्हे.

मराठीत या शब्दाला जोड आहे, आणि ती ‘आत्मा’ नव्हे, ‘जीव’. जीव घाबरा होतो, कासावीस होतो, टांगणीला लागतो, भांड्यात पडतो, पोरावर जडतो, नकोसा होतो, आणि एक दिवस जातो. आत्मा यातलं काहीही करत नाही. त्याला साधा घामसुद्धा येत नाही. जुन्या भाषांतरकारांचे कान तिखट होते. ४२ व्या स्तोत्रात हरिणी पाण्यासाठी लुलपते आणि तसाच ‘माझा जीव’ देवासाठी लुलपतो. तिथे ‘आत्मा’ घालून बघा, हरिणीची तहानच जाते.

मग ‘देह म्हणजे तुरुंग, आत्मा म्हणजे कैदी’ हे आमच्याकडे आलं कुठून? बहुतेक ग्रीकांकडून. ग्रीकमध्ये ‘सोमा’ म्हणजे देह आणि ‘सेमा’ म्हणजे थडगं; प्लेटोच्या संवादांत ही कोटी येते. पुढे शिकलेले ख्रिस्ती लोक प्लेटो वाचूनच मोठे झाले, त्यामुळे ते मुरलं. पण चर्चमध्ये आम्ही प्रेषितांच्या नावाचा जो विश्वासाचा अंगीकार म्हणतो, त्यात ‘आत्मा अमर आहे’ असं वाक्य नाही. देह पुन्हा उठेल, असं आहे. लहानपणापासून म्हणतेय. लक्ष आत्ता गेलं.

येशूचा प्रेषित पौल, त्याच्यावर देहद्वेष्टा म्हणून आळ येतो, पण तो दोन शब्द वापरतो, ‘सोमा’ आणि ‘सार्क्स’. सोमाला तो पवित्र आत्म्याचं मंदिर म्हणतो. वाईट बोलतो ते सार्क्सबद्दल, ज्याला मराठीत ‘देहस्वभाव’ केलंय. गलतीकरांस लिहिलेल्या पत्राच्या ५ व्या अध्यायात या देहस्वभावाच्या कर्मांची यादी आहे. त्यात जारकर्म आणि दारूबाजी आहेच, पण वैर, कलह, मत्सर आणि तट पाडणं हेही आहे. मत्सर करायला हातपाय लागत नाहीत. सोसायटीच्या मीटिंगला नुसतं बसलं तरी जमतं.

आत्याचं एक सांगते. ती ड्युटीवर असताना पेशंट गेला की त्याला शेवटचं पुसून घेण्याचं काम ती आयांवर सोडत नसे. आणि पुसताना त्याच्याशी बोलायची. "बाबा, आता कूस बदलते हं. पाणी जरा गार आहे." मी नर्सिंगला जायचं म्हणत होते तेव्हा एकदा मला नेलं होतं, ते मी स्वतः ऐकलंय. बाहेर नातेवाईक विचारत होते, "बॉडी कधी मिळणार?" दहा मिनिटांपूर्वीपर्यंत तो त्यांचा अण्णा होता. आत एकटी आत्या त्याला अजून बाबा म्हणत होती.

तर, दगडावर काय लिहू? आणि ‘आत्मा’ आणि ‘जीव’ यांबद्दल मी म्हणतेय ते कुठे चुकतंय का, तेही सांगा.

हरिपूरकर | रविवार, रात्री १०:०२

ताई, आधी आत्याबाईंना नमस्कार. पाणी गार आहे हे सांगणारी माणसं आता कुठे राहिली!

मतभेद नोंदवतो. एक, आमच्याकडे ‘वासांसि जीर्णानि’ आहे. जुनं वस्त्र टाकून नवं घ्यावं तसा देही देह बदलतो. यात देहाचा द्वेष नाही. जुन्या सदऱ्याचा कोण द्वेष करतं? दोन, तुमचा धर्म देहाला इतका मानतो म्हणता, तर ते वाळवंटातले तपस्वी, अंगाला टोचणारे केसाळ कपडे, चाबकाचे फटके, हे काय होतं? असिसीचा संत फ्रान्सिस स्वतःच्या देहाला ‘गाढवदादा’ म्हणायचा असं वाचलंय.

तीन, तुकोबा. ‘शरीर दुःखाचें कोठार । शरीर रोगाचें भांडार’ म्हणून सुरू करतात, आणि त्याच अभंगात लगेच ‘शरीर उत्तम चांगलें । शरीर सुखाचें घोंसुलें’, पुढे ‘शरीरें साधलें परब्रह्म’. एका श्वासात दोन्ही. मला वाटतं खरं उत्तर हेच, बाजू घेऊच नये.

खादाड_कृष्णा | रविवार, रात्री १०:१५

वाखूसा (वाचनखूण साठवली). सकाळी नीट वाचतो. (डब्यातला लाडू आवडला.)

यंत्रमाग_विटा | रविवार, रात्री ११:३८

हरिपूरकर, सदऱ्याचं बोललात म्हणून आमचा धंदा आडवा आला. आमच्यात तीन पिढ्या माग आहेत. आज्जानं हातमागावर स्वतःसाठी एक घोंगडं विणलं. त्याच्या आधी आयुष्यात कितीतरी घोंगडी पांघरून फाडली असतील. सगळी फाटली, आज्जा टिकला. पण हे शेवटचं घोंगडं अजून आमच्या माळ्यावर हाय आणि आज्जा जाऊन बावीस वर्षं झाली.

आता सांगा, आत्मा कपडे बदलतो, लई कपडे फाडतो, मान्य. पण म्हणून तो शेवटच्या कपड्याआधी मरत न्हाई ह्याची गॅरंटी काय?

मिशनकंपाउंड | सोमवार, सकाळी ७:२०

यंत्रमाग_विटा, तुम्ही प्लेटो वाचलाय की नाही माहीत नाही. नसेल तर उठून उभी राहते आणि नमस्कार करते. ‘फीडो’ हा सॉक्रेटिसच्या शेवटच्या दिवसाचा संवाद. संध्याकाळी विषाचा पेला येणार आहे, आणि सेबीस नावाचा मित्र नेमकी हीच शंका काढतो: म्हातारा विणकर, त्याने विणून फाडलेले अंगरखे, आणि त्याच्यामागे उरलेला शेवटचा एक. मरायला बसलेल्या माणसाला असं विचारायचं धाडस त्याला झालं, आणि सॉक्रेटिस रागावला नाही. उलट बराच वेळ गप्प बसून विचार करत राहिला.

सेबीसच्या शेजारी सिमियस होता. त्याची शंका मला जास्त छळते. तो म्हणतो, वीणेचा सूर अदृश्य असतो, सुंदर असतो, दैवी असतो. वीणा म्हणजे लाकूड आणि तारा, मातीतलीच वस्तू. म्हणून काय वीणा फोडल्यावर सूर कुठेतरी शिल्लक राहतो? आत्मा म्हणजे देहाच्या तारा नीट जुळल्यावर निघणारा सूर असला तर? सॉक्रेटिस उत्तरं देतो: सूर वीणेच्या आधी नसतो, आणि सूर वीणेवर हुकूम चालवत नाही, आत्मा मात्र देहाला ‘तहान लागली तरी पिऊ नकोस’ म्हणू शकतो. चांगली उत्तरं आहेत. मिरजेत राहणाऱ्या माणसाला पुरत नाहीत एवढंच.

हरिपूरकर, फटक्यांचं आणि केसाळ कपड्यांचं खरं आहे, नाकारत नाही. पण गाढवदादात ‘दादा’ही आहे, तेवढं बघा. तुकोबांचं संध्याकाळी. आत्ता पहिला तास आहे.

जवारी | सोमवार, दुपारी १:४५

मिरजेत राहणारा माणूस म्हणून आवाज दिलात तर येतो. सतारमेकर गल्लीत आमचं काम. मूळचे आम्ही शिकलगार, हत्यारांना धार लावणारे. हत्यारांचा काळ गेला तसे एकोणिसाव्या शतकात आमचे पूर्वज वाद्यांकडे वळले. २०२४ मध्ये मिरजेच्या सतार-तंबोऱ्याला जीआय (भौगोलिक मानांकन) मिळालं, तेव्हा पेपरवाल्यांनी हेच छापलं.

ते सिमियस कोण, त्यांना एकदा दुकानात आणायला पाहिजे होतं. सांगतो का ते. भोपळा पंढरपूर-मंगळवेढ्याकडून येतो. वाळलेला, आत बी खुळखुळतं. भिजवून कापायचा, गर-बी काढून टाकायचं, मग तबली (भोपळ्यावरची फळी), दांडी, खुंट्या, घोडी (तारा जिच्यावर टेकतात ती). हे सगळं झालं, तारा ओढल्या, सुरात लावल्या, तरी तंबोरा बोलत नाही. नुसता टण् टण् करतो. घोडीचा माथा कानसेनं जरा जरा घासत जायचं, त्याच्यावर तारेखाली सुताचा दोरा सरकवायचा. केसभर पुढे, केसभर मागे. एका जागी तार एकदम उघडते, भुंग्यासारखी. ती जवारी. ती जागा मोजून सांगता येत नाही. माझ्या वडिलांनाही सांगता आली नाही, पण हाताला ठाऊक होती.

म्हणून म्हणतो, सूर तारेत नाही, घोडीत नाही, भोपळ्यात नाही. पण ह्यांच्याशिवायही कुठे नाही.

आणि एक. दुरुस्तीला जुने तंबोरे येतात. एक गृहस्थ गुरुजींचा तंबोरा घेऊन आले, पडून भोपळा फुटलेला. भोपळा नवा घातला. तबली वाळवीनं खाल्लेली, तीही नवी. घोडी झिजलेली, बदलली. दांडी तेवढी जुनी राहिली. घेऊन जाताना छेडली आणि त्यांच्या डोळ्यांत पाणी. "गुरुजींचाच आहे," म्हणाले. मी काही बोललो नाही. बिलात सगळे नवे पार्ट लिहिले होते.

यंत्रमाग_विटा | सोमवार, दुपारी २:१०

दंडवत मालक.

फॉर्मॅलिन | सोमवार, रात्री ८:३०

मी मिरजेच्या सरकारी मेडिकल कॉलेजात शिकलो. पहिल्या वर्षी विच्छेदनाच्या हॉलमध्ये आम्हा दहा जणांना एक म्हातारा मिळाला होता. नाव अर्थातच सांगत नाहीत, टेबलचा नंबर तेच नाव. पण ह्याच्या उजव्या हातावर, मनगटाच्या वर, गोंदलेलं नाव होतं. त्याचं स्वतःचं. जत्रेत गोंदवून घ्यायचे तसं, हिरवट, एक मात्रा वाकडी.

हाताचं विच्छेदन सुरू झालं तेव्हा कातडी सोलायची होती. सरांनी काही सांगितलं नव्हतं, आम्हीही आपसात ठरवलं नव्हतं, पण तेवढा दोन इंचांचा तुकडा दहाही जणांनी टाळला. चीर वळसा घालून गेली. परीक्षेच्या आधी शेवटी एकीनं तो उचलला, आणि उचलताना "सॉरी आजोबा" म्हणाली. त्यावर कुणी हसलं नाही.

मी नास्तिक आहे. फ्रेंच तत्त्वज्ञ देकार्तने आत्म्याची बैठक मेंदूतल्या पिनियल ग्रंथीत सांगितली होती. ती ग्रंथी मी हातात घेऊन पाहिली आहे, मटाराच्या दाण्यापेक्षा लहान असते. तिच्यात मेलाटोनिन बनतं, झोपेचं. आत्मा काही सापडला नाही. पण तो दोन इंचांचा तुकडा आम्ही का टाळला, हे मला अजून नीट सांगता येत नाही. आत्याबाईंना सांगता आलं असतं असं वाटतं.

परखड_बोल | सोमवार, रात्री ९:०५

छान चाललंय. पवित्र शास्त्राच्या गोष्टी सांगून सांगून वाचकांना हळूच कुठे न्यायचंय ते कळतंय सगळ्यांना.

हरिपूरकर | सोमवार, रात्री ९:११

बाई घरातल्या माणसाच्या दगडावर काय कोरू विचारतायत. तुम्हाला कोण कुठे नेतंय?

संपादक | सोमवार, रात्री ९:४०

यानंतरचे चार प्रतिसाद उडवले आहेत. विषयावर बोला.

वसईची_सून | मंगळवार, सकाळी ११:००

माहेर वसईचं, सासर सांगलीचं, धर्म कॅथलिक. मिशनकंपाउंड, तुमचं बरंचसं पटलं, पण तुम्ही एक पाय जरा जास्तच पुढे टाकताय.

आत्म्याचं अमरत्व हे निव्वळ प्लेटोचं बाहेरून आलेलं पाहुणं नाही. वधस्तंभावरून येशू शेजारच्या चोराला म्हणतो, ‘आज तू माझ्याबरोबर सुखलोकात असशील.’ आज. शेवटच्या दिवशी नव्हे. त्याचा देह तर त्या संध्याकाळी तिथेच लोंबत होता. मग ‘तू’ कोण गेला? आमच्या चर्चनं १५१३ मध्ये, पाचव्या लॅटरन सभेत, आत्मा अमर आहे हे ठरावानं मांडलं. पण त्याच्या दोनशे वर्षं आधी, १३१२ मध्ये व्हिएनच्या सभेत, आत्मा हा देहाचं रूपच आहे हेही सांगितलं. दोन्ही धरायचं असतं. आम्ही मेलेल्यांसाठी मिस्सा करतो, पर्गेटरी (मेल्यावर आत्मे शुद्ध होतात ती अवस्था) मानतो, ते उगीच नाही. आत्या आत्ता, या मंगळवारी, कुठे आहे, हा प्रश्न तुमचं ‘जीव’ सोडवत नाही. जीव गेला म्हणजे संपलाच की! मराठीत जीव जातो, तो परत आल्याचं मी तरी ऐकलं नाही.

बाकी दहनाला आमच्याकडे १९६३ पासून परवानगी आहे. माझ्या सासूबाईंना तरीही मातीच हवी आहे.

मिशनकंपाउंड | मंगळवार, रात्री ९:५०

वसईची_सून, बरोबर पकडलंत. चोराचं वाक्य मी सोयीनं बाजूला ठेवलं होतं.

तुमच्याच थॉमस अक्वायनसकडे जाते मग. तेराव्या शतकातला धर्मपंडित, गलेलठ्ठ, शांत माणूस. आत्मा मरणानंतर उरतो हे तो मानतो. पण करिंथकरांच्या पहिल्या पत्राच्या १५ व्या अध्यायावर भाष्य करताना तो लिहून जातो की माझा आत्मा म्हणजे मी नव्हे, आणि नुसते आत्मे तारले गेले तर मी तारला गेलो नाही. हे वाचून मी पुस्तक मिटलं आणि चहा केला. म्हणजे आत्याचं काहीतरी देवाजवळ आहे, मान्य. पण ते काहीतरी म्हणजे आत्या नाही. आत्या व्हायला गुडघे लागतील.

जवारी, तुमचा तंबोरा वाचून जुना ख्रिस्ती धर्मपंडित ऑगस्टीन आठवला. ‘देवाचे नगर’ या ग्रंथाच्या शेवटच्या, २२ व्या भागात तो असल्याच प्रश्नांत शिरलाय. कापलेली नखं-केस परत मिळणार का? एका माणसाचं मांस उपासमारीत दुसऱ्यानं खाल्लं असेल तर ते कुणाचं? वाचताना हसू येतं, पण माणूस मनापासून विचारतोय. नखा-केसांवर तो म्हणतो, कुंभार मोडलेलं भांडं मळून पुन्हा घडवतो तेव्हा कानाची माती परत कानालाच लागली पाहिजे असं नाही, सगळी माती भांड्यात आली म्हणजे झालं. तुमच्या बिलातले पार्ट त्याला चालले असते का, शंका आहे. मला चालले.

आणि हुतात्म्यांच्या जखमांचे वण त्या उठलेल्या देहावरही राहतील, शोभा म्हणून, असंही तो सुचवतो. उठलेल्या ख्रिस्ताच्या हातावर होतेच. आत्याच्या डाव्या मनगटावर स्टरलायझरचा चटका बसल्याचा डाग होता, कोयरीसारखा. फॉर्मॅलिन, तुमचे ते दोन इंच वाचले आणि तो डाग डोळ्यांपुढे आला.

हरिपूरकर, तुकोबा. तुमचा अभंग वाचून अँड्र्यू मार्व्हेलची कविता काढली. इंग्रज, सतराव्या शतकातला, जवळजवळ तुकोबांच्याच काळातला. कविता छापली गेली १६८१ मध्ये, तो गेल्यावर. आत्मा आणि देह एकमेकांवर फिर्याद करतात. आत्मा म्हणतो, मला या हाडांच्या तुरुंगातून सोडवा, पायांच्या बेड्या, हातांच्या कड्या, डोळ्यानं आंधळा आणि कानाच्या ढोलकीनं बहिरा झालोय. इथवर नेहमीचंच. मग देह उठतो. म्हणतो, याच्यापासून मला कोण सोडवणार? यानं मला ताणून उभं केलं, आता मी स्वतःच स्वतःचा कडा झालोय, कधीही कोसळेन. आशेचे पेटके आणि भीतीचा कंप, हे रोग कुठल्या वैद्याच्या पुस्तकात आहेत? हे यानंच मला लावले. आणि शेवटचं बोलणं देहाचं: रानात हिरवी उभी असलेली झाडं इमारती रचणारे अशीच तासून चौकोनी करतात. तुकोबा दोन्ही एका तोंडाने बोलतात, मार्व्हेल दोन तोंडांनी. फरक एवढाच की मार्व्हेलकडे ‘परब्रह्म’ येत नाही, तो भांडण मिटवतच नाही. कवी म्हणून मला ते आवडतं. (जवारी, त्या शेवटच्या ओळीवर तुमचं मत हवंय. झाडाचं मत काय असेल?)

पण मला सगळ्यात लागला तो इटालियन कवी दान्ते. त्याच्या महाकाव्यात तो स्वतः जिवंतपणी मेलेल्यांच्या लोकांतून फिरतो. पर्गेटरीच्या पायथ्याशी त्याला जुना गायक मित्र भेटतो, कासेल्ला. दान्ते मिठी मारायला जातो. तीनदा. तीनही वेळा हात रिकामे येऊन स्वतःच्याच छातीवर पडतात. पुढे डोंगरावर मेलेले लोक दान्तेला बघून दचकतात ते त्याच्या सावलीमुळे. त्यांच्यात सावली कुणालाच नाही. आणि मग अगदी वर, स्वर्गात, ‘पारादिसो’च्या १४ व्या सर्गात, सगळे ज्योती झालेत, सुखात आहेत, काही कमी नाही. एक आवाज सांगतो की देह परत मिळतील, तेव्हा हे तेज वाढेल. त्यावर सगळ्या ज्योती इतक्या घाईनं ‘आमेन’ म्हणतात की दान्तेला कळतं, यांना आपापले मेलेले देह हवेत. आणि बहुधा स्वतःपुरते नकोत, असं तो म्हणतो. आयांसाठी, वडिलांसाठी, ज्योत होण्याआधी जे जे आवडत होते त्यांच्यासाठी.

स्वर्गात बसून आईचा हात आठवतोय. याच्यापुढे मला तत्त्वज्ञान सुचत नाही.

सज्जनगड_पायथा | बुधवार, सकाळी ६:५०

साताऱ्यातून एक भर घालतो. रेव्हरंड टिळक, म्हणजे ना. वा. टिळक, १८९५ साली मुंबईत बाप्तिस्मा घेतला ते, आयुष्याच्या शेवटच्या काही वर्षांत मिशनची नोकरी सोडून साताऱ्यात येऊन राहिले. इथेच त्यांनी ‘देवाचा दरबार’ काढला. बाप्तिस्मा घेतलेले आणि न घेतलेले, दोघांनाही त्यात जागा होती. तुकोबांच्या पुलावरून आपण ख्रिस्ताकडे आलो असं ते सांगत. त्यामुळे तुमच्या धाग्यात तुकोबा आपण होऊन आले ते ठीकच झालं. त्यांचं ‘ख्रिस्तायन’ अपुरं राहिलं, ते पुढे लक्ष्मीबाईंनी पुरं केलं. सुरुवात एकाची, बाकीचं दुसरीचं, ग्रंथ एक. जवारींच्या तंबोऱ्यासारखंच.

त्याच्या कितीतरी आधी, १६१६ मध्ये, फादर स्टीफन्सनं ओवीत लिहिलेलं ‘ख्रिस्तपुराण’ गोव्यात छापलं गेलं. मूळचा इंग्रज. मराठीला रत्नाची उपमा दिली त्यानं. म्हणजे आमची भाषा या विषयाला चारशे वर्षं सरावलेली आहे. शब्द कमी पडायला नको.

दगडाबद्दल: माझं मत ‘आत्मा’ला नाही, ‘जीव’लाही नाही. थोरल्या पिढीला विचारा, तुमच्यात मयत झाल्यावर काय म्हणायचे?

हरिपूरकर | बुधवार, सकाळी ८:१५

मी थोडा सरकलो, कबूल करतो. सदऱ्याची उपमा गुरुजींच्या तंबोऱ्याला लागत नाही. सदरा कुणी छेडून रडत नाही. (गीतेला लागत नाही असं म्हणत नाहीये. गीता वेगळ्या प्रश्नाचं उत्तर देतेय. त्यावर कधीतरी वेगळा धागा.)

एक गंमत: आपल्या भागात जाळायचं असलं तरी ‘मातीला’ जातात. "उद्या सकाळी नऊला माती आहे." अग्नी देऊनही शब्द माती.

जवारी | बुधवार, दुपारी १२:३०

झाडाचं मत विचारलंत. तून लाकूड वर्षानुवर्षं वाळवतो आम्ही. ओलं लाकूड वापरलं की तंबोरा पुढे चिरतो. झाडाला विचारलं तर नकोच म्हणेल. पण वाळल्यावर त्याच्यावर नख मारून बघतो, तेव्हा ते स्वतःच सांगतं हो का नाही.

मिशनकंपाउंड | शनिवार, संध्याकाळी ७:०५

अपडेट. सज्जनगड_पायथा म्हणाले तसं आईला विचारलं. आई म्हणाली, "आमच्यात ‘मेली’ म्हणत नव्हते. प्रभूत निजली म्हणायचे. माझी सासू तसंच म्हणायची." मी तिला सांगितलं की इंग्रजीतला ‘सेमेटरी’ हा शब्द ग्रीकमधून आलाय आणि त्याचा मूळ अर्थ निजायची जागा. तिला त्याचं काही नवल वाटलं नाही. निजायचीच जागा आहे की, असा चेहरा.

मग म्हटलं, ‘प्रभूत निजली’ कोरूया? म्हणाली, "निजली ते दिसतंयच." आणि भाजी निवडत बसली. जरा वेळानं म्हणाली, "वन्सं रात्रपाळी करून आल्या की दाराला कागद लावायच्या, उठेपर्यंत दार वाजवू नये. आठवतंय?"

आठवत होतं. वहीचा फाडलेला कागद, मागच्या बाजूला तापाचा तक्ता. आम्ही पोरं त्याच्यापुढून चवड्यांवर जायचो.

तर दगडावर नाव, दोन सालं, आणि खाली एवढाच शब्द: उठेपर्यंत.

भाऊ आधी म्हणाला, लोकांना कळणार नाही. आई म्हणाली, वन्संना कळेल.

यंत्रमाग_विटा | शनिवार, संध्याकाळी ७:२२

ताई, काटा आला. अक्षरं किती धरली त्यानं?

मिशनकंपाउंड | शनिवार, संध्याकाळी ७:३०

पाच होतात. ‘र्यं’ला जोडाक्षर म्हणून सहा लावत होता. साडेपाचावर तुटलं.